नृत्यगुरु चेकेत्ती

कवीचें काव्य पोथींत उरतें, शिल्पकाराची मूर्ति पाषाणांत टिकते. नर्तकाची कला मात्र त्याच्या देहाबरोबरच लयास जाते. ती पुढील पिढीस मिळावयाची तर गुरूच्या द्वारेंच मिळाली पाहिजे. पाश्चात्त्य बॅलेनृत्याच्या इतिहासांत हें कार्य ज्यांनीं केलें, त्यांमध्यें एन्रिको चेकेत्ती या इटालियन गुरूचें स्थान फार वरचें आहे.

चेकेत्तीचा जन्म १८५० सालीं रोममधील एका नाट्यगृहाच्या रंगपटांत झाला. मातापिता दोघेंहि नर्तक होतीं. फ्लॉरेन्स येथें त्यानें ज्योव्हानी लेप्रीपाशीं शिक्षण घेतलें. लेप्री हा मिलानचा थोर आचार्य कार्लो ब्लासिस याचा शिष्य. आपल्याकडे गवयाचें घराणें सांगतात, तसें चेकेत्तीचें हें घराणें होय.

१८८७ सालीं तो सेंट पीटर्सबर्गला आला. तेथें मारियस पेटिपा या फ्रेंच नृत्यरचनाकाराचें राज्य होतें. फ्रेंच परंपरेचें लालित्य रशियन नर्तकांच्या अंगीं मुरलें होतें. परंतु इटालियन नर्तकांच्या गिरक्या आणि उड्या त्यांना थक्क करीत. १८९० सालीं ‘निद्रिस्त सुंदरी’च्या पहिल्या प्रयोगांत चाळिशीच्या उंबरठ्यावरील चेकेत्तीनें दुष्ट परी काराबॉस आणि चपल निळा पक्षी अशा दोन भूमिका केल्या. दोन वर्षांनीं राजकीय नृत्यशाळेंत तो शिक्षक झाला. पुढें ‘सिंड्रेला’ व ‘कॉपेलिया’ यांच्या नृत्यरचनेंतहि त्याचा हात होता. पण त्याची खरी कीर्ति आहे ती शिक्षक म्हणून.

त्याची पद्धति मोठी काटेकोर होती. आठवड्याच्या प्रत्येक वारास निराळा अभ्यास ठरलेला असे. त्यामुळें शरीराचें एकहि अंग दुर्लक्षित राहत नसे आणि केवळ आवडीचेंच घटवीत बसण्याची शिष्याला सोय नसे. हातांत छडी घेऊन, तोंडानें शीळ घालीत तो ताल धरी. नामवंत नर्तकांनाहि पहिल्या धड्यापासून सुटका नव्हती. निजिन्स्की आणि कार्साविना त्याच्या हाताखालीं तयार झालीं. जगप्रसिद्ध झाल्यावरहि अॅना पाव्हलोव्हा त्याच्यापाशीं शिकतच राहिली. याच पाव्हलोव्हाचें नृत्य तिच्या १९२२-२३ च्या दौऱ्यांत मुंबईकरांनीं पाहिलें.

१९०२ पासून तीन वर्षें वॉर्सा, मग पुन्हां पीटर्सबर्ग आणि त्यानंतर द्यागिलेव्हच्या मंडळीबरोबर पॅरिस, असा चेकेत्तीचा प्रवास झाला. १९११ सालीं ‘पेत्रुश्का’ मध्यें बाहुल्यांना नाचविणाऱ्या जादुगाराची भूमिका त्यानेंच केली. पुढें महायुद्ध झालें, रशियांत क्रांति झाली आणि तेथील अनेक नर्तक परदेशीं विखुरले. मुखोमुखीं आलेली ही विद्या अशा वेळीं लोपण्याचें भय होतें. १९१८ सालीं चेकेत्तीनें लंडनमध्यें शाळा उघडली. तेथें सिरिल बोमाँट या ग्रंथविक्रेत्यानें इद्झिकोव्स्की या नर्तकाच्या साह्यानें गुरूची पद्धति लिहून काढली. तो ग्रंथ १९२२ सालीं प्रसिद्ध झाला. ग्रंथानें अभ्यासाचा क्रम राखला. तथापि शिष्याचा दोष हेरणारी दृष्टि ग्रंथांत उतरत नाहीं. ती निनेत द व्हाल्वा आणि मारी राम्बेर यांसारख्या शिष्यांनीं पुढें चालविली व इंग्लंडांत बॅलेचा पाया घातला.

१९२५ सालीं चेकेत्ती मिलानच्या ला स्काला नृत्यशाळेंत परतला. ब्लासिसची विद्या पुन्हां त्याच्याच शाळेंत आली. १९२८ च्या नोव्हेंबरांत वर्गांत शिकवीत असतांनाच तो कोसळला आणि दुसऱ्या दिवशीं, १३ तारखेस, त्याचा अंत झाला. त्यानें रचलेलीं नृत्यें आज फारशीं कोणाच्या स्मरणांत नाहींत. परंतु त्यानें घालून दिलेला वारावारचा अभ्यास अनेक देशांतील नृत्यशाळांत आजहि चालू आहे.