तिसरी खुर्ची

24 डिसेंबर 1986 रोजी ग्राहक संरक्षण कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. जिल्हा मंचावर कोणी बसायचं, हे त्याच्या दहाव्या कलमात सांगितलं होतं. जिल्हा न्यायाधीश असलेली, राहिलेली किंवा तेवढी पात्रता असलेली व्यक्ती अध्यक्ष होणार. दुसरी जागा शिक्षण, व्यापार किंवा वाणिज्य क्षेत्रातल्या नामवंताची. तिसरी महिला समाजसेविकेची. पुढे काही वर्षं आमच्या जिल्ह्यातली ती तिसरी खुर्ची मी सांभाळली.

ती जागा मला कधी मेहेरबानी वाटली नाही. 1966 साली मुंबईत नऊ बायकांनी एकत्र येऊन कन्झ्युमर गायडन्स सोसायटी काढली. सत्तरच्या दशकात मृणाल गोरे आणि अहिल्या रांगणेकर यांच्या मागे बायका लाटणी घेऊन महागाईविरुद्ध रस्त्यावर उतरल्या. 1975 साली बिंदुमाधव जोशींच्या पुढाकारानं मुंबई ग्राहक पंचायत उभी राहिली आणि महिन्याचा किराणा घरोघरच्या गटांनी मिळून भरायला सुरुवात केली. मापात पाप कुठे होतं, हे या बायकांना कायद्याच्या आधीपासून ठाऊक होतं.

कायदा झाला तरी मंच लगेच उभे राहिले नाहीत. कॉमन कॉज संस्थेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाला राज्यांना बजावावं लागलं, तेव्हा कुठे जिल्ह्याजिल्ह्यांत मंच आले. सुरुवातीला जिल्हा मंचाची मर्यादा एक लाखाची होती. दहा लाखांपर्यंत राज्य आयोग आणि त्यावर राष्ट्रीय आयोग. तेव्हा तक्रारीला फी नव्हती. साध्या कागदावर अर्ज लिहावा, वकील न देता स्वतः उभं राहावं. रक्कम परत करा, वस्तू बदलून द्या, भरपाई द्या, असे आदेश मंच देऊ शकत असे, आणि ते न पाळणाऱ्याला तीन वर्षांपर्यंतच्या कैदेची तरतूद होती.

1993 च्या दुरुस्तीनं जिल्ह्याची मर्यादा पाच लाखांवर नेली आणि सदस्यांची व्याख्याही बदलली. अर्थशास्त्र, कायदा, वाणिज्य, लेखाकर्म, उद्योग, सार्वजनिक व्यवहार किंवा प्रशासन यांची जाण असलेले दोन सदस्य, त्यांपैकी एक महिला. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानं लखनौ विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात घरं बांधून देणाऱ्या सरकारी यंत्रणांनाही या कायद्याखाली आणलं. 1995 साली पैसे घेऊन उपचार करणारे डॉक्टरही त्यात आले. मंचाचा अधिकार असा पैशानं आणि विषयानंही वाढत गेला.

पण तो अधिकार वापरायचा कसा, हे खुर्चीवरची माणसं ठरवतात. आमच्याकडे एक शेतकरी सोयाबीनची रिकामी पिशवी, तिच्यावरचं लेबल आणि दुकानाची पावती घेऊन आला होता. बियाणं उगवलंच नव्हतं. सामनेवाल्यांचे वकील कायदा दाखवत होते: दोष आहे म्हणता, तर नमुना प्रयोगशाळेत पाठवा. अध्यक्षांनाही ते पटत होतं. मी शेतकऱ्याच्या घरातली. एकराच्या हिशेबानं मोजून आणलेलं बियाणं सगळंच पेरलं जातं, मूठभरही मागे उरत नाही, हे मी त्यांना सांगितलं. मग तालुक्याच्या समितीचा पंचनामा पुन्हा वाचला. त्याच पावसावर शेजारच्या वावरात दुसऱ्या लॉटचं बियाणं उगवल्याची नोंद त्यात होती. त्या पंचनाम्यावर आम्ही निकाल दिला. बियाणं पेरून टाकणाऱ्या शेतकऱ्यानं नमुना राखला नाही म्हणून त्याला दोष देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 2012 साली नॅशनल सीड्स कॉर्पोरेशनच्या प्रकरणात स्पष्ट केलं.

या रचनेतली मला सर्वांत मोलाची वाटलेली गोष्ट म्हणजे मतांची बरोबरी. अध्यक्ष आणि एका सदस्याचं जुळलं नाही, तर मुद्दा दुसऱ्या सदस्याकडे जायचा आणि बहुमताचा निर्णय हा मंचाचा आदेश ठरायचा. म्हणजे दोन सदस्यांचं एकमत झालं, तर अध्यक्षांचं मत बाजूला पडे.

2019 च्या कायद्यानं मंचाचा आयोग झाला आणि आपण राहतो तिथेच तक्रार करण्याची सोय झाली. आज जिल्हा आयोगाची मर्यादा 50 लाख आणि राज्य आयोगाची दोन कोटी आहे, तीही मोजलेल्या किमतीवर. पण 2020 च्या नियमांत सदस्यांसाठी लेखी परीक्षा नव्हती. अनुभवाची अट मात्र राज्यात 20 आणि जिल्ह्यात 15 वर्षांची होती. 2021 साली मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं या तरतुदी रद्द केल्या. मार्च 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल कायम ठेवला, दोन लेखी पेपर आणि मुलाखत घ्यायला सांगितली आणि अनुभवाची अट दहा वर्षांवर आणली.

हे फार चांगलं झालं. वशिल्यानं बसलेला सदस्य अध्यक्षांच्या मताखाली मुकाट सही करतो, आणि मग तिघांचा आयोग नावापुरता उरतो. पण पेपर कलमांच्या पाठांतराचा होऊ नये. बियाण्याची पिशवी, विम्याचा फॉर्म, बिल्डरचा करारनामा समोर ठेवून काय विचाराल, हे उमेदवाराला विचारावं. आणि सदस्याची मुदत संपण्याआधी नव्याची निवड पूर्ण व्हावी. खुर्ची रिकामी असली की कोरम भरत नाही आणि तारीख पुढे ढकलली जाते. अशी प्रत्येक तारीख शेतकऱ्याची एक दिवसाची मजुरी आणि एसटीचं भाडं खाते.