सज्ञान मुलीने मनाने लग्न केले. आई-वडिलांची ‘हेबियस कॉर्पस’ याचिका कुठपर्यंत चालते?

औंढा नागनाथ : मुलगी कॉलेजला म्हणून गेली अन् परत आलीच नाही. दोन दिवसांनी मोबाईलवर लग्नाचा फोटो आला. अशा वेळी घरच्यांना कुणीतरी सांगतं, ‘हायकोर्टात हेबियस कॉर्पस टाका, पोरगी घरी येते.’ वकिलाच्या फीची जुळवाजुळव करण्याआधी ही याचिका नेमकं काय करते, ते माहीत असलेलं बरं.

याचिका म्हणजे काय?
मराठीत हिला ‘बंदी प्रत्यक्षीकरण’ म्हणतात. कुणाला बेकायदा डांबून ठेवलं असेल, तर त्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करा, अशी ही मागणी असते. राज्यघटनेच्या कलम २२६ नुसार ती उच्च न्यायालयात दाखल होते. हिंगोली जिल्ह्यासाठी खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे.

कोर्टात काय होते?
कोर्ट पोलिसांना नोटीस काढते. पोलीस मुलीला शोधून हजर करतात. न्यायाधीश अनेकदा तिच्याशी एकटीशी बोलतात : वय किती, मर्जीने गेलीस का, राहायचं कुणाकडे? तिचं वय १८ पूर्ण असेल आणि ‘मर्जीने’ असं ती म्हणाली, की याचिका सहसा तिथेच निकाली निघते. जबरदस्ती दिसली, तर कोर्ट तिची सुटका करते. लग्न जातीत झालं की जातीबाहेर, हा मुद्दा या याचिकेत येत नाही.

सुप्रीम कोर्ट काय म्हणते?
केरळमधील हादिया प्रकरणात वडिलांच्या याचिकेवर तिथल्या हायकोर्टाने मे २०१७ मध्ये लग्नच रद्द ठरवले होते. ८ मार्च २०१८ रोजी सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला. अशा याचिकेत सज्ञान व्यक्तीचे लग्न रद्द करता येत नाही, असे स्पष्ट केले. त्याच वर्षी ‘नंदकुमार विरुद्ध केरळ राज्य’ खटल्यात मुलगा २१ वर्षांचा नव्हता, म्हणून हायकोर्टाने मुलीला वडिलांकडे सोपवले होते. सुप्रीम कोर्टाने तेही रद्द केले. सज्ञान मुलीने कुणासोबत राहायचे, ते तीच ठरवेल.

मुलगी १८ च्या आत असेल तर?
मग गोष्ट वेगळी. अपहरणाचा गुन्हा नोंद होतो, ‘पोक्सो’ही लागू शकतो. जन्माचा दाखला किंवा शाळेची टीसी घेऊन लगेच पोलीस ठाणे गाठावे.

आधी काय करावे?
मुलगी सापडत नसेल, तर प्रथम मिसिंगची तक्रार द्यावी. मर्जीविरुद्ध कोंडल्याची शंका असेल, तर नागरी सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली दंडाधिकाऱ्याकडे झडतीचे वॉरंट मागता येते.

हाच कायदा उलट बाजूनेही चालतो. सज्ञान मुलीला माहेरीच कोंडून ठेवलं, तर नवराही हीच याचिका करू शकतो. जिवाला धोका असल्यास ११२ वर फोन करावा. महिलांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरण किंवा १५१०० या क्रमांकावर संपर्क साधावा.