हुबळी रेल्वे कारखाना

सदर्न मराठा रेल्वे कंपनीचा मुख्य दुरुस्ती कारखाना. १८८२ साली स्थापन झालेल्या या कंपनीने दुष्काळी दक्षिण महाराष्ट्र आणि उत्तर कर्नाटकात मीटरगेज मार्ग टाकले. १८८५ च्या सुमारास हुबळीत कारखाना उभा केला. कोल्हापूरचा रेल्वे-इतिहास या कारखान्यावाचून अपुरा राहतो. मिरज–कोल्हापूर हा सुमारे ४७ किलोमीटरचा मार्ग कोल्हापूर संस्थानाच्या दरबारच्या खर्चाने बांधला गेला. त्याची पहिली कुदळ १८८८ मध्ये तरुण शाहू महाराजांनी मारली. १८९१ मध्ये गाडी धावू लागली. मालकी संस्थानाची, पण गाड्या चालवायची कंपनी. म्हणून या लहान मार्गासाठी स्वतंत्र मोठा कारखाना उभारण्याचे कारण उरले नाही. बॉयलर उघडून नळ्या बदलणे, झिजलेली चाके लेथवर चढवणे, डब्यांचे लाकडी सांगाडे जोडणे ही अशा कारखान्याची कामे. त्यांतील कुशल कारागिरांची दखल इतिहासात फारच कमी घेतली गेली, हे खेदजनक आहे. १९०८ मध्ये ही कंपनी आणि मद्रास रेल्वे यांच्या विलीनीकरणातून मद्रास अँड सदर्न मराठा रेल्वे बनली. १९७१ मध्ये कोल्हापूरला ब्रॉडगेज आली आणि मीटरगेजचा काळ संपला. हुबळीचा कारखाना आज दक्षिण पश्चिम रेल्वेकडे आहे.