पाचशे तबकड्यांची गोष्ट

माझा पहिला कवितासंग्रह १९९६ साली निघाला. पाचशे प्रती छापल्या होत्या. त्यातल्या दोनशेच्या वर अजून घरी पलंगाखालच्या ट्रंकेत आहेत. कुणी हळहळावं म्हणून हे सांगत नाही. आज ज्या संगीताविषयी बोलायचं आहे, त्याचाही जन्म बहुतेक वेळा पाचशेच्याच आकड्याने झाला, म्हणून आठवलं.

त्या संगीताला 'गॅरेज रॉक' म्हणतात. आपल्याकडे गॅरेज म्हटलं की ऑइलने काळे झालेले हात आणि उघडं पडलेलं स्कूटरचं इंजिन डोळ्यांपुढे येतं. अमेरिकेत गॅरेज म्हणजे घराला लागून असलेली मोटार ठेवायची खोली. वडील मोटार घेऊन कामाला गेले की ती रिकामी. ९ फेब्रुवारी १९६४ च्या रात्री एड सुलिव्हनच्या टीव्ही कार्यक्रमात बीटल्स पहिल्यांदा गायले आणि सात कोटींवर लोकांनी ते पाहिलं. नंतरच्या दोन-तीन वर्षांत अमेरिकेच्या गावोगावी सोळा-सतरा वर्षांच्या पोरांनी गिटारी घेतल्या आणि या रिकाम्या खोल्या भरून टाकल्या. खरं तर कुणी तळघरात वाजवत, कुणी शाळेच्या हॉलमध्ये. नाव मात्र गॅरेजचं पडलं, तेही पुष्कळ नंतर.

सूर लागत नसे, ताल पुढेमागे होई. गिटारचा आवाज मुद्दाम फाडणारी 'फझ' नावाची छोटी पेटी तेव्हा बाजारात आली होती. तिच्यामुळे मधमाश्यांचं पोळं उठल्यासारखा आवाज निघे आणि चुका झाकल्या जात. चार पैसे जमले की जवळच्या शहरात जाऊन तास-दोन तासांत गाणं मुद्रित करायचं आणि ४५ फेऱ्यांच्या लहान तबकडीच्या पाचशे, फार तर हजार प्रती काढायच्या. काही गावातल्या दुकानात, काही मित्रांना, आणि एक मोठ्या आशेने स्थानिक रेडिओ केंद्रावर. निवेदकाला आवडली तर ती त्या भागात आठवडाभर वाजे. पन्नास मैलांपलीकडे कुणाला पत्ता नसे.

या पोरांच्या डोक्यावर एका आधीच्या गाण्याची सावली होती. पोर्टलंडच्या 'किंग्समेन'नी १९६३ साली 'लुई लुई' मुद्रित केलं. गायकाचे उच्चार इतके अस्पष्ट, की त्यात अश्लील काही असणार असा पालकांना संशय आला आणि तक्रार थेट एफबीआयपर्यंत गेली. चौकशी लांबली आणि शेवटी निष्कर्ष निघाला, की शब्द कळतच नाहीत. माझ्या कवितांवर असा शेरा मारणारे समीक्षक आहेत, पण त्यांना सरकारी प्रयोगशाळा लागली नाही.

१९६७-६८ पर्यंत ही लाट ओसरली. कुणी कॉलेजात गेला, कुणाला व्हिएतनामच्या युद्धासाठी सक्तीच्या भरतीचं पत्र आलं. मोठ्या तबकडीचे, पंधरा-पंधरा मिनिटं वाजवणाऱ्या उस्तादांचे दिवस आले. अडीच मिनिटांची ती ओरड जुन्या बाजारात, खोक्यात तळाला गेली.

तिथून ती वर काढली लेनी केय या पंचविशीतल्या तरुणाने. न्यूयॉर्कच्या ब्लीकर स्ट्रीटवर जुन्या तबकड्यांच्या एका दुकानात तो काम करी आणि मासिकांतून संगीतावर लिही. 'इलेक्ट्रा' कंपनीचे संस्थापक जॅक होल्झमन यांच्या मनात होतं, की ज्या बँडचं एखादंच गाणं चांगलं, अशी गाणी एका ठिकाणी आणावीत. हे काम त्यांनी लेनीला दिलं. १९७२ साली दोन तबकड्यांचा संच निघाला, 'नगेट्स', म्हणजे मातीत सापडलेले सोन्याचे गोळे. गाणी सत्तावीस. सोबतच्या टिपणात लेनीने या संगीताला 'पंक रॉक' म्हटलं. तो शब्द पुढे भलताच गाजणार होता.

संगणकाचं काम करणाऱ्या माझ्या भाच्याने मला हा संच ऐकवला. इंग्रजी गाण्यांशी माझी ओळख जेमतेम. बी.ए.ला इंग्रजी होतं, पण ते वर्ड्सवर्थचं. पहिल्या चार गाण्यांना मी कंटाळलो, खोटं कशाला सांगू. मग 'मोल्टी' लागलं.

मॅसॅच्युसेट्समधल्या प्रॉव्हिन्सटाउनच्या 'बार्बेरियन्स' बँडचा हा ढोलवादक. लहानपणी घरी बनवलेल्या बॉम्बचा स्फोट होऊन त्याचा डावा हात गेला. त्या जागी लोखंडी आकडा बसवून तो ड्रम वाजवायचा. या गाण्यात तो जवळजवळ गात नाहीच, बोलतो. आपल्यावर काय आलं आणि आपण कसे उभे राहिलो, ते ऐकणाऱ्यांना सांगतो. भाबडं आहे, थोडं नाटकीही आहे. पण मी ते तीनदा लावायला सांगितलं. आमच्याकडे आत्मकथनांची मोठी परंपरा आहे. हे अडीच मिनिटांचं आत्मकथन आहे.

दुसरं 'यू आर गॉना मिस मी', टेक्सासमधल्या ऑस्टिनच्या 'थर्टीन्थ फ्लोअर एलिव्हेटर्स'चं, १९६६ सालचं. त्यात एक जण चक्क रिकाम्या सुरईच्या तोंडाशी घुमतो. गायक रॉकी एरिक्सन तेव्हा अठरा-एकोणीस वर्षांचा होता. १९६९ मध्ये त्याला गांजा बाळगल्याबद्दल पकडलं. तुरुंग टाळण्यासाठी वेडाचा बचाव घेतला आणि तो रस्क इथल्या मनोरुग्णालयात अडकला, विजेचे झटके खात. तो सुटला १९७२ साली, म्हणजे हा संच निघाला त्याच वर्षी. बाहेर आलेल्या माणसाचं गाणं आधीच संग्रहात बसलेलं होतं. त्या आवाजातली किंकाळी मी आता हे विसरून ऐकूच शकत नाही. २०१९ मध्ये तो गेला.

'प्रीमियर्स'च्या 'फार्मर जॉन'मध्ये मागे मुलींचा जोरदार कल्ला आहे. वाटतं, एखाद्या नाचाच्या हॉलमध्ये मुद्रित केलं असेल. प्रत्यक्षात तो कल्ला स्टुडिओत माणसं बोलावून केलेला. आणि बॉस्टनच्या घाणेरड्या नदीवरचं 'डर्टी वॉटर' गायलं लॉस एंजेलिसच्या 'स्टँडेल्स'नी. गंमत म्हणजे बॉस्टनने ते आपलंच मानलं. १९९७ पासून तिथला बेसबॉलचा संघ घरच्या मैदानावर जिंकला की हेच गाणं वाजतं.

संपादक म्हणून लेनीची एक गोष्ट मला फार मोठी वाटते. १९६६ साली त्यानेही 'लिंक क्रॉमवेल' या टोपणनावाने एक लहान तबकडी काढली होती आणि ती कुणी विचारली नाही. म्हणजे तोही याच बुडालेल्यांपैकी. सत्तावीस गाणी निवडताना अठ्ठावीसावं आपलं घालायला त्याचा हात कुणी धरला नव्हता. त्याने ते घातलं नाही. मराठीतले प्रातिनिधिक कवितासंग्रह ज्यांनी चाळलेत, त्यांना मी काय म्हणतो ते कळेल.

संच फारसा खपला नाही. पण ज्यांच्या हाती पडला त्यातल्या पुष्कळांनी स्वतः गिटार घेतली. लेनी पॅटी स्मिथ या कवयित्रीबरोबर वाजवू लागला आणि १९७५ मध्ये त्यांचा 'हॉर्सेस' आला. १९७६ मध्ये 'नगेट्स' पुन्हा निघाला, तेव्हा न्यूयॉर्कमध्ये पंकची धामधूम सुरू होती. मग शोधणाऱ्यांची रीघच लागली. १९७८ पासून 'पेबल्स', म्हणजे खडे, ही मालिका आली. सोनं सरलं, आता खडेसुद्धा चालतील! १९८३ मध्ये टिम वॉरन याने 'बॅक फ्रॉम द ग्रेव्ह' सुरू केली. त्यात सगळ्यांत रांगडी, सगळ्यांत कच्ची गाणी. वादकांचा माग काढून त्यांच्या कहाण्या त्याने कव्हरवर छापल्या. १९९८ मध्ये 'नगेट्स' चार सीडींचा झाला, ११८ गाण्यांचा.

यात एक काळी बाजू आहे. 'पेबल्स'सारख्या संचांत परवानगीचे कागद बहुधा नसतच. वाचवणाराच न विचारता घेऊन जातो, असा हा प्रकार. पण न विचारता घेतलं नसतं तर त्यातलं निम्मं कायमचं गेलं असतं. या दोन वाक्यांचा मेळ मला घालता येत नाही.

आपल्याकडेही हे घडलं. 'सिमला' सिगारेटच्या जाहिरातीसाठी 'सिमला बीट' नावाची बँडची स्पर्धा भरे. मद्रास, बंगलोर, कलकत्ता, मुंबई, थेट शिलाँगहून पोरं येत. परदेशी वाद्यं आयात करणं तेव्हा महाकर्मकठीण, त्यामुळे मिळेल त्या गिटारीवर भागवायचं. १९७० आणि १९७१ च्या स्पर्धांच्या दोन तबकड्या निघाल्या आणि विसरल्या गेल्या. पुढे त्या पुन्हा निघाल्या त्या परदेशी संग्राहकांच्या हौसेमुळे. त्या काळच्या मुंबईत 'व्हेल्वेट फॉग'मधून गाणारा एक मुलगा होता नंदू भेंडे, आत्माराम भेंडे यांचा चिरंजीव. १९७८ च्या 'तीन पैशाचा तमाशा'मुळे तो मराठी रसिकांना ठाऊक झाला. त्याआधीचा त्याचा रॉक किती जणांनी ऐकला असेल?

भाचा हे सगळं सांगत होता तेव्हा मला आमच्या भाईजानची आठवण येत होती. १९८५ च्या सुमारास गल्लीतल्या सहा पोरांनी ऑर्केस्ट्रा काढला होता. भाईजान कोंगो वाजवी. कर्ज काढून त्यांनी कोल्हापुरात एक कॅसेट मुद्रित केली. गाणी स्वतःची, चाली स्वतःच्या. लग्नाच्या मांडवात ती विकायला ठेवत. अब्बा म्हणत, हा गोंगाट आहे. मीही तेव्हा नाक मुरडलं होतं, मी कवी होतो ना.

गेल्या वर्षभर मी ती कॅसेट शोधतो आहे. भाईजानकडे नाही. की-बोर्ड वाजवणारा वारला, त्याच्या मुलाला बापाने कॅसेट काढली होती हेच माहीत नव्हतं. शेवटी एका मांडववाल्याच्या गोदामात, लाउडस्पीकरच्या कर्ण्यांमागे दोन सापडल्या. एकीची फीत पार गुंडाळून गेलेली. दुसरीवर बुरशी आहे, पण फीत तुटलेली नाही. ती दुरुस्तीला दिली आहे. दुकानदार म्हणाला, पंधरा दिवसांनी या.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)