सुताराचे घर, कातळातले

भाज्याच्या चैत्यगृहात, म्हणजे बौद्ध प्रार्थनागृहात, मान वर केली की कमानदार छताला लगटून बसवलेले लाकडी वासे दिसतात. लेणे इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातले. डोंगर कोरून काढलेल्या छताला आधार लागत नाही; वासे काढून घेतले तरी कातळ जागचा हलणार नाही. खांबांचेही तेच. हे अष्टकोनी खांब आत झुकलेले आहेत. लाकडी इमारतीत कमानदार छपराचा रेटा बाहेर येतो, म्हणून खांब असे कलते रोवावे लागतात. अखंड दगडात रेटा कसला? बांधकामाला निरुपयोगी असलेल्या या गोष्टीच चैत्यगृहाचे कूळ सांगतात. सह्याद्रीतले चैत्यगृह मुळात सुताराने रचलेले घर आहे, पाथरवटाने ते डोंगरात नेले.

यावर रास्त आक्षेप असा, की त्या काळची लाकडी सभागृहे आज उभी नाहीत. मग दगडावरून लाकडाची कल्पना करायची आणि त्याच कल्पनेने दगडाचा अर्थ लावायचा, हे चक्राकार तर्कट नाही का? पण पुरावा केवळ दगडाचा नाही. भाज्याच्या वाशांवर ब्राह्मी अक्षरे सापडली आहेत, म्हणजे ते नंतरच्या डागडुजीचे नव्हेत. सांची आणि भारहुतच्या शिल्पपटांत अशाच गोल छपरांची घरे वस्तीतली म्हणून कोरली आहेत. बिहारमधल्या बराबर टेकड्यांतल्या लोमश ऋषी गुंफेच्या दारावर वाशांची टोकेसुद्धा दगडात काढली आहेत. मला सर्वांत बोलका वाटतो तो कार्ल्याचा एक छोटा लेख: प्रवेशद्वाराचे काम धेनुकाकटाच्या सामी नावाच्या वर्धकीने, म्हणजे सुताराने, केल्याचे तो सांगतो. लेण्याच्या दाराशी सुताराचे नाव कोरलेले असताना लाकडाशी असलेले नाते केवळ तर्काचे राहत नाही.

दुसरा आक्षेप कलेच्या बाजूने येतो: नवे सुचले नाही म्हणून जुने गिरवले. कार्ल्याचे चैत्यगृह पाहिल्यावर हे मला पटत नाही. सुमारे ३८ मीटर लांबीचे दालन डोंगराच्या पोटात सरळ रेषेत उतरवणाऱ्यांना वासे टाळता आले नसते का? त्यांच्या खांबांवर हत्ती आणि त्यांवर बसलेली जोडपी आहेत. तिथे कल्पनेला तोटा नाही. तरीही छताला लाकडी वासे बसवलेच, कारण उपासकाच्या ओळखीचे प्रार्थनाघर असेच होते. व्यापाऱ्यांच्या, कारागिरांच्या दानातून उभ्या राहिलेल्या वास्तूने दात्यांना ओळखीचे रूप दाखवावे, हे स्वाभाविक होते.

पुढे लाकूड गळाले, रूप राहिले. अजिंठ्याच्या १० क्रमांकाच्या जुन्या लेण्यात वासे लाकडाचे होते. पाचव्या शतकातल्या १९ क्रमांकात ते दगडातच कोरले. वेरूळच्या १० क्रमांकातही छताला दगडी वासे आहेत आणि लोक त्या लेण्याला आजही ‘सुतार का झोपडा’ म्हणतात. चैत्यगृहाच्या दर्शनी कमानीचा प्रवास याहून लांबचा. आत उजेड घेणारी ही मोठी कमानदार खिडकी अजिंठ्याच्या १९ व्या लेण्याच्या दर्शनी भागावर लहान होऊन ओळीने सजावटीला बसली, आणि मंदिरांच्या शिखरांवर तर तिची जाळीच विणली गेली. शके ९८२ मधल्या, म्हणजे १०६० सालच्या, अंबरनाथच्या शिवमंदिरात शिखराच्या मधल्या पट्ट्यावर ही जाळी पाहायला मिळते. तिच्यातून उजेड आत जात नाही.