देवमाणूस (मालिका)

देवमाणूस ही झी मराठी वाहिनीवर ३१ ऑगस्ट २०२० ते १५ ऑगस्ट २०२१ या काळात प्रसारित झालेली गुन्हेगारीविषयक मराठी मालिका आहे. श्वेता शिंदे यांच्या वज्र प्रॉडक्शनने तिची निर्मिती केली. किरण गायकवाड यांनी डॉ. अजितकुमार देव ही प्रमुख भूमिका साकारली.

पार्श्वभूमी
मालिकेची प्रेरणा सातारा जिल्ह्यातील वाई तालुक्यात २०१६ साली उघडकीस आलेल्या प्रकरणातून घेतलेली आहे. धोम येथील संतोष पोळ या तथाकथित डॉक्टरवर २००३ ते २०१६ या काळात पाच स्त्रिया व एक पुरुष यांच्या हत्येचा आरोप ठेवण्यात आला. मालिकेतील पात्रे व प्रसंग मात्र काल्पनिक आहेत.

व्यक्तिरेखा
नायकाचे खरे नाव देवीसिंग असून त्याने डॉक्टरची ओळख बळकावलेली असते. गोरगरिबांवर उपचार करणाऱ्या या डॉक्टरला गावकरी देवमाणूस मानतात. त्याचे गुन्हे याच विश्वासावर उभे आहेत: रुग्ण आपले दुखणे व घरातील अडचणी त्याला सांगतात आणि त्यातूनच त्याला सावज सापडते. मृदू बोलणे आणि थंड हिशेबीपणा एकाच चेहऱ्यावर दाखवण्याचे आव्हान गायकवाड यांच्यापुढे होते. खुनी कोण हे प्रेक्षकाला ठाऊक असते, गावाला नसते. त्यामुळे रहस्यापेक्षा पुढच्या बळीविषयीची धास्ती अधिक जाणवते. पोलीस अधिकारी दिव्या सिंग (नेहा खान) त्याचा माग काढते. डिंपल (अस्मिता देशमुख) आणि सरू आजी (रुक्मिणी सुतार) याही लक्षणीय व्यक्तिरेखा आहेत.

दृश्य वातावरण
चित्रीकरण सातारा परिसरात झाले. दवाखाना, वाडा, अंगण, शेताकडची वाट अशी ओळखीची स्थळे दिवसा निर्धास्त वाटतात. रात्रीच्या प्रसंगांत तीच भयावह होतात. सरू आजीच्या म्हणी आणि गावातील थट्टामस्करी यांमुळे ताण सैल होतो. मात्र त्याच अंगणात डॉक्टरचीही ऊठबस असल्याने विनोदालाही भीतीची किनार राहते. ग्रामीण बोलीतील संवादांमुळे हे गाव खरे वाटते.

पुढील भाग
देवमाणूस २ हा भाग १९ डिसेंबर २०२१ पासून प्रसारित झाला. त्यात मिलिंद शिंदे यांनी मार्तंड जामकर या पोलीस निरीक्षकाची भूमिका केली. जून २०२५ मध्ये देवमाणूस – मधला अध्याय ही मालिका सुरू झाली.