स्टू उंगर : जिंकूनहि हरलेला द्यूतकार

कौरवांच्या द्यूतसभेंत दोन प्रकारचे जुगारी समोरासमोर बसले होते. शकुनीला फाशांची विद्या अवगत होती. युधिष्ठिराला द्यूताची आवड होती, पण विद्या नव्हती. ही कथा ऐकून सामान्य माणूस असा निष्कर्ष काढतो कीं, खेळाचें ज्ञान असतें तर युधिष्ठिर वांचला असता. हा निष्कर्ष कितपत खरा, याचें उत्तर अमेरिकेंतील एका माणसाच्या चरित्रांत सांपडतें. त्याचें नांव स्टू उंगर.

उंगरचा जन्म ८ सप्टेंबर १९५३ रोजीं न्यूयॉर्क शहरीं झाला. बापाचें मद्यगृह होतें व त्याच्या आडून पैजांचा धंदा चाले. मुलगा वयांत येण्यापूर्वींच बाप वारला, शाळा सुटली आणि पत्ते हेंच पोटाचें साधन झालें. जिन रमी नांवाच्या खेळांत त्याची स्मरणशक्ति अलौकिक ठरली. पडलेलें प्रत्येक पान त्याच्या ध्यानांत राही आणि त्यावरून प्रतिस्पर्ध्याच्या हातांत काय उरलें आहे, तें तो ओळखी. परिणाम असा झाला कीं, त्याच्याशीं पैसे लावून खेळावयास कोणी बसेना. तो लास व्हेगास या जुगाराच्या राजधानींत गेला. तेथेंहि रमी खेळणारे लवकरच त्याला टाळूं लागले. तेव्हां तो पोकरकडे वळला.

या खेळाचा जो प्रकार तेथें मोठ्या पणाचा मानला जातो, त्यांत प्रत्येकाला दोन पानें गुप्तपणें मिळतात आणि पांच पानें टप्प्याटप्प्यानें सर्वांसमोर उघडलीं जातात. या सातांतून ज्याची पांच पानांची जुळणी श्रेष्ठ, तो जिंकतो. परंतु प्रत्येक टप्प्यावर पण वाढवितां येतो, आणि पण पेलत नाहीं त्याला डाव सोडावा लागतो. म्हणून हातीं कांहीं नसतांना हूल देणें व दुसऱ्याची हूल ओळखणें, हेंच या खेळाचें मर्म होय.

बेनी बिनियन या जुगारगृहाच्या मालकानें १९७० सालीं जागतिक पोकर स्पर्धा सुरू केली. तिच्या मुख्य सामन्याची प्रवेशफी दहा हजार डॉलर असे. १९८० सालीं या सामन्यांत उंगर उतरला, आणि शेवटीं त्याच्यासमोर राहिला तो डॉयल ब्रन्सन, १९७६ व १९७७ या दोन वर्षांचा विजेता. निर्णायक डावांत ब्रन्सनकडे एक्का व सत्ती होती. उंगरकडे इस्पिकची चव्वी व पंजी. पटावर एक्का, सत्ती आणि दुर्री उघडली. ब्रन्सनच्या दोन जोड्या झाल्या. उंगरला तिर्री हवी होती आणि चौथें पान तिर्रीच पडलें. एक्क्यापासून पंजीपर्यंत ओळ पूर्ण झाली व सत्ताविसाव्या वर्षांत असलेला हा तरुण विजेता ठरला. पुढच्या वर्षीं त्यानें तेंच पद पुन्हा मिळविलें. दोन वर्षांत मुख्य सामन्यांतून सात लाख चाळीस हजार डॉलर त्याच्या हातीं आले.

ते टिकले नाहींत. पत्त्यांवर मिळालेला पैसा तो घोड्यांवर व मैदानी खेळांच्या पैजांवर उधळी. तेथें त्याची स्मृति उपयोगाची नव्हती. पैज घेणाऱ्याचा वांटा आधींच कापलेला असतो, आणि वारंवार खेळणाऱ्याला तो वांटाच खाऊन टाकतो. त्यांत कोकेनचें व्यसन जडलें. १९९० सालच्या सामन्यांत तिसऱ्या दिवशीं तो पटावर आलाच नाहीं. खोलींत बेशुद्ध सांपडला. त्याच्या रिकाम्या खुर्चीपुढील चकत्यांतून नियमाचा सक्तीचा पण कापला जात राहिला. तरीहि आधींची आघाडी एवढी मोठी होती कीं, गैरहजर उंगर नववा आला!

१९९७ सालीं त्याच्यापाशीं प्रवेशफीहि नव्हती. बिली बॅक्स्टर या स्नेह्यानें नफ्याच्या अर्ध्या वांट्यावर ती भरली. शकुनीप्रमाणें दुसऱ्याच्या पणावर उंगर खेळला, आणि सोळा वर्षांनंतर तिसऱ्यांदा विजेता झाला. बक्षीस दहा लाख डॉलर. कांहीं महिन्यांतच त्याचा अर्धा वांटा पैजांत व व्यसनांत नाहींसा झाला. पुढच्या वर्षीं बॅक्स्टर पुन्हा फी भरावयास तयार होता. पण खेळण्याचें त्राण नाहीं, असें उंगरनेंच ऐन वेळीं सांगितलें. २२ नोव्हेंबर १९९८ रोजीं लास व्हेगासमधील एका स्वस्त वसतिगृहाच्या खोलींत तो मृतावस्थेंत आढळला. वय पंचेचाळीस. वर्षानुवर्षांच्या व्यसनानें हृदय निकामी झालें होतें. २००१ सालीं पोकरच्या सन्माननीय खेळाडूंच्या यादींत त्याचें नांव घालण्यांत आलें.

१९८० सालीं त्याच्याकडून हरलेला ब्रन्सन मात्र पुढेंहि अनेक वर्षें खेळत राहिला. त्यानेंहि मोठे पण लावले, मोठे पराभव सोसले, आणि २०२३ सालीं एकोणनव्वदाव्या वर्षीं तो वारला. त्या रात्रींच्या डावांत उंगर श्रेष्ठ ठरला. आयुष्याच्या डावांत ब्रन्सन.

महाभारतांतील कथेचा एक भाग पुष्कळदां विसरला जातो. पहिल्या द्यूतानंतर धृतराष्ट्रानें पांडवांना सर्व कांहीं परत दिलें होतें. युधिष्ठिर इंद्रप्रस्थाच्या वाटेला लागला होता. पुन्हा बोलावणें येतांच तो मागें फिरला आणि पटावर बसला. या दुसऱ्या वेळीं समोर कोण आहे, हें त्याला पुरतें कळलें होतें. उणीव ज्ञानाची उरली नव्हती. उंगरलाहि १९९७ सालीं गेलेलें सर्व एकदां परत मिळालें होतें. शकुनीची विद्या त्याच्यापाशीं जन्मापासून होती. पटावरून उठण्याची विद्या त्याला कोणीं शिकविली नाहीं, आणि ती पत्त्यांत सांपडत नाहीं.